विज्ञान प्रदर्शनासाठी काठमांडूची ट्रॉलीबस: वरच्या तारांवर खरंच धावणारं मॉडेल असं बनवा

चोपड्याला माझं मोटर भरायचं दुकान आहे, त्यामुळे दर हिवाळ्यात तालुक्याचं विज्ञान प्रदर्शन जवळ आलं की शाळेची पोरं तार मागायला येतात. मी देतोच. पण बहुतेक वेळा तेच ते, पवनचक्की, ज्वालामुखी, ठिबक सिंचन. दोन वर्षांमागे माझी भाची आठवीत होती, ती म्हणाली मामा असं काहीतरी सांग जे खरंच चालतं आणि जे आपल्याकडे कोणीच पाहिलेलं नाही. तेव्हा आम्ही काठमांडूच्या ट्रॉलीबसचं, म्हणजे वरच्या तारांतून वीज घेत रस्त्यावर धावणाऱ्या बसचं, मॉडेल केलं. तेव्हापासून बरीच पोरं हेच शिकायला येतात, सगळ्यांच्या चुका पण त्याच असतात, म्हणून एकदा सगळं नीट लिहून काढतोय.

काठमांडूच का, तर माझे वडील गावातल्या मंडळींसोबत पशुपतिनाथाच्या यात्रेला गेले होते, आणि परत आल्यावर देवळाइतकंच त्या बसबद्दल बोलायचे. टपावर दोन काठ्या, वर दोन तारा, धूर नाही आणि इंजिनाची घरघर नाही. मी तेव्हा लहान होतो, ती बस डोक्यात बसली ती बसलीच. नेपाळच्या राजधानीतली ही लाइन चीनच्या मदतीने बांधली, २८ डिसेंबर १९७५ ला सुरू झाली, त्रिपुरेश्वर ते भक्तपूरजवळचं सूर्यविनायक, १३ किलोमीटर. मॉडेलसाठी ही लाइन एकदम सोयीची आहे, कारण एकच मार्ग, कुठे फाटे नाहीत, म्हणजे तारांचे सांधे बदलायची भानगड नाही. मुंबईत पण १९६२ ते १९७१ बेस्टची ट्रॉलीबस होती, गोवालिया टँक ते माझगाव डॉक, आपल्या राज्याच्या राजधानीतली गोष्ट म्हणून तिचा एक फोटो बोर्डवर लावाच.

आधी दोन तारांचं गणित डोक्यात बसवा

हे समजल्याशिवाय हात लावू नका, कारण परीक्षक पहिला प्रश्न हाच विचारतात आणि मॉडेल बंद पडलं तर दुरुस्ती पण यावरूनच कळते.

भुसावळला रेल्वे सगळ्यांनी पाहिली आहे. इंजिनाच्या टपावर पेंटोग्राफ असतो, तो वरच्या एका तारेला घासत जातो. तार एकच. मग करंट परत कुठून जातो, तर लोखंडी चाकातून रुळात, आणि रुळातून सबस्टेशनला. जायचा रस्ता वर, यायचा रस्ता खाली. आता बसला रबरी टायर, खाली डांबर, करंटला परत जायला वाटच नाही. विहिरीवरच्या मोटरला नुसती एक फेज दिली आणि न्यूट्रल नाही दिलं तर ती फिरेल का, नाही फिरणार. तसंच हे. म्हणून बसला परतीची वाट पण वरूनच द्यावी लागते, दुसरी तार, आणि दुसरी तार म्हणून दुसरी काठी. बाकीचं सगळं यातूनच निघतं. दोन तारा एकमेकांना लागता कामा नये, दोन काठ्या एकमेकींना लागता कामा नये, आणि दोन्ही काठ्या एकाच वेळी आपापल्या तारेवर हव्यात. एक जरी सुटली तरी बस उभी.

रेल्वेच्या तारेत २५,००० व्होल्ट एसी असतं, ट्रॉलीबसला साधारण ६०० किंवा ७५० व्होल्ट डीसी. आपण ६ व्होल्टवर काम करणार आहोत, हात लागला तरी काही होत नाही. घरातल्या २३० व्होल्टच्या लाइनला उघड्या तारा कुठल्याही कारणाने, कुठल्याही जुगाडाने जोडायच्या नाहीत, पालकांनी स्वतः उभं राहून बघायचं.

सामान

६ बाय ३ फुटांचा १२ एमएमचा प्लायवुड. त्याहून लहान घेतला तर वळण तंग होतं आणि काठ्या सुटतात, चार बाय दोनवर दोन गटांनी करून पाहिलं, दोघांनी शेवटी मोठा प्लाय आणला. वर टाकायला ५ एमएमचा सनबोर्ड. सायकलचे जुने स्पोक पंचवीस-तीस, सायकलवाला जुने देऊन टाकतो. कुल्फीच्या काड्या. बसला पिवळी गिअर मोटर, जिला दुकानदार बीओ मोटर म्हणतात, दोन्ही बाजूंना शाफ्ट असलेली मागा, शंभराच्या आत येते, सोबत तिची दोन चाकं. पुढच्या धुरीला खेळण्याची दोन छोटी चाकं. बॉलपेनच्या स्प्रिंगा, एमसील, सोल्डर आणि फ्लक्स, १ अँपिअरचा काचेचा फ्यूज होल्डरसकट.

आणि तार. १८ गेजची तांब्याची वाइंडिंग वायर, ती वजनावर मिळते, आपल्याला दोन्ही तारा मिळून नऊ मीटर लागते म्हणजे शंभर ग्रॅमच्या आसपास. जुन्या जळलेल्या मोनोब्लॉक मोटरमधली पण चालते, सरळ करून घ्यायची. सबमर्सिबलची नको, तिच्यावर प्लास्टिकचं जाड आवरण असतं, सोलता सोलता संध्याकाळ होते.

इथे एक गोष्ट, जिच्यावर निम्मी पोरं अडकतात. वाइंडिंग वायर दिसायला उघडं तांबं दिसते पण ती उघडी नसते, तिच्यावर एनॅमलचा पातळ थर असतो, तो करंट जाऊ देत नाही, त्याच्याशिवाय मोटरच भरता आली नसती. मागच्या वर्षी एका गटाने आठ दिवस खपून सगळं उभं केलं, तारा ताणल्या, बस ठेवली, काहीच नाही. मोटर बदलली, बॅटरी बदलली, रडायला आले. मी पॉलिश पेपरने वीतभर तार खालून घासली आणि बस तेवढीच वीतभर पुढे गेली. तेव्हा तार बसवायच्या आधीच पॉलिश पेपरच्या घडीत धरून पूर्ण लांबी तीन-चार वेळा ओढून काढा, रंग लालसर गुलाबी झाला पाहिजे, मग मल्टीमीटर लावून दोन-चार ठिकाणी तपासा.

रस्ता आणि खालची चीर

खऱ्या ट्रॉलीबसला ड्रायव्हर असतो, स्टिअरिंग असतं, आणि काठ्या लांब असल्यामुळे बस तारांच्या रेषेपासून साधारण चार मीटर डावी-उजवीकडे जाऊ शकते, खड्डा चुकवते, उभ्या रिक्षाला वळसा घालते. हाच ट्रामपेक्षा मोठा फायदा. मॉडेलमध्ये ड्रायव्हर नाही, म्हणून बसला वाट दाखवायला रस्त्यात चीर ठेवायची. परीक्षकांना हे आपणहून सांगा, की चीर आमची सोय आहे, खऱ्या रस्त्यात नसते.

प्लायवर लंबगोल रस्ता आखा, वळणाची त्रिज्या सव्वा फूट. सनबोर्ड आतला तुकडा वेगळा आणि बाहेरचा वेगळा कापून चिकटवा, मध्ये ४ एमएमची फट सोडून, झाली चीर. कापताना कटर नवीन पानाचा घ्या, फटीची कड दातेरी राहिली तर बस तिथे दर चक्करला अडखळेल. बसची पुढची धुरी एका नटबोल्टवर फिरती ठेवायची आणि धुरीच्या दोन सेंटीमीटर पुढे स्पोकचा तुकडा खाली सोडायचा, तो चिरीत चालतो. धुरीच्या बरोबर खाली नाही हां, पुढेच, बैलगाडीला जू जसं पुढून ओढतं तसं त्याने धुरीला वळवलं पाहिजे.

बसचा सांगाडा सनबोर्डचाच, २५ सेंटीमीटर लांब, नऊ रुंद. मोटर मागे, चाकं थेट शाफ्टवर. बॉडी हलकी ठेवा, रंगरंगोटी कागदाची करा.

तारा उभ्या करणं

याला वेळ द्या, दोन दिवस गेले तरी जाऊ द्या, कारण बस चालते की रखडते ते इथे ठरतं.

स्पोक प्लायमध्ये भोक पाडून एमसीलने उभा बसवायचा, रस्त्याच्या बाहेरच्या बाजूला, आणि वीस सेंटीमीटरवर काटकोनात वाकवून रस्त्यावर आणायचा. त्या आडव्या हाताखाली कुल्फीची काडी दोऱ्याने बांधा. काडीला तीन सेंटीमीटर अंतरावर दोन बारीक भोकं. खऱ्या तारांत हे अंतर साधारण साठ सेंटीमीटर असतं, आपल्या मापाने सव्वा सेंटीमीटर येईल, पण तेवढ्यात काठ्या एकमेकींना लागतात म्हणून तीनच ठेवा. काडी लाकडाची आहे म्हणून दोन तारा एकमेकींपासून अलग राहतात, खऱ्या खांबावर हे काम इन्सुलेटर करतो.

आता तार काडीला कशी टांगायची. तार काडीला दोऱ्याने गुंडाळून बांधतात बरीच पोरं, आणि मग काठीचं टोक त्या गाठीला अडकून उडतं. तारेची खालची बाजू टोकापासून टोकापर्यंत गुळगुळीतच पाहिजे, म्हणून पकडायचं ते वरून. खऱ्या तारेला दोन्ही कुशीत खाचा असतात, क्लँप त्या खाचांत वरून धरतो आणि खालचा भाग मोकळा राहतो. आपण तारेच्या पाठीवर तांब्याचा छोटा तुकडा उभा सोल्डर करायचा, तो काडीच्या भोकातून वर काढून वाकवायचा. सोल्डर खाली ओघळलं तर कानशीने साफ करा, बोट फिरवून बघा, बोटाला लागलं तर काठीला पण लागणार.

सरळ भागात खांब दीड फुटाला एक पुरतो, वळणावर दर चार-पाच इंचांनी लागतो, कारण तार दोन खांबांच्या मध्ये सरळच जाते, गोल होत नाही. वळण म्हणजे छोट्या छोट्या सरळ तुकड्यांची माळ. खांब कमी असतील तर प्रत्येक ठिकाणी कोन तीव्र होतो आणि काठी तिथेच सुटते. काठमांडू असो की कुठलंही शहर, वळणावर वर मान करून पाहिलं तर तारांचं जाळं दिसतं ते याच्यासाठी.

तार ताणलेली हवी. मागे मे महिन्यात एका शिबिरासाठी मॉडेल गच्चीवर ठेवलं होतं, दुपारपर्यंत तारा झोळीसारख्या लोंबल्या. तांबं तापलं की वाढतं, एक किलोमीटर तार दहा अंशाला साधारण १७ सेंटीमीटर लांब होते. आपल्याकडे जानेवारीच्या पहाटेला दहा अंश आणि मे मध्ये पंचेचाळीस, म्हणजे किलोमीटरमागे साठ सेंटीमीटरचा फरक झाला. रेल्वेच्या खांबांवर वजनं लोंबताना दिसतात ती तार ताणून धरायलाच. आपण तारेची दोन टोकं जिथे भेटतात तिथे एक छोटी स्प्रिंग लावायची, आणि स्प्रिंगच्या खालून बारीक पत्री टाकायची म्हणजे काठीचं टोक ओलांडून जाईल.

काठ्या

प्रत्येक काठी म्हणजे एक स्पोक, वीस सेंटीमीटर. बसच्या टपावर मधोमध, शेजारी शेजारी, दोन्ही मागच्या बाजूला तिरक्या, तारा ओढत नेल्यासारख्या. काठीला दोन हालचाली हव्यात, वर-खाली आणि डावी-उजवी. टपावर उभा बोल्ट, त्यावर फिरणारी पितळी यू-पट्टी, पट्टीत आडवा खिळा, आणि स्पोकचं एक वळसं त्या खिळ्यात. वळशाच्या पुढे दीड सेंटीमीटर शेपूट सोडा, पेनची स्प्रिंग शेपटाला लावून खाली पट्टीला बांधा, शेपूट खाली ओढलं की मागचं टोक वर उठतं. हा सगळा खेळ स्प्रिंगच्या ताकदीचा आहे. जास्त झाली तर तार वर उचलली जाते आणि घर्षणाने बस दमते, कमी झाली तर प्रत्येक सांध्यावर टोक उडी मारतं. टोक बोटाने दाबलं तर दोन रुपयांच्या नाण्यांची छोटी चवड उचलल्यासारखं वाटावं, तेवढंच.

टोकाला बूट. जुन्या प्लगमधली पितळी पट्टी यू आकारात वाकवा, साधारण आठ एमएम लांब, दोन्ही कडा होडीसारख्या किंचित खाली उतरवा म्हणजे सांध्यावर आपटणार नाही. खऱ्या बुटात खाचेत कार्बनचा तुकडा असतो, तो झिजतो आणि बदलावा लागतो, आपला पितळी बूट प्रदर्शनाचे तीन दिवस आरामात काढतो. बूट काठीवर किंचित सैल ठेवा, वळणावर त्याला स्वतःहून वळता आलं पाहिजे.

काठीच्या मागे दोरा बांधायला विसरू नका. तो दिखाऊ नाही. खऱ्या बसच्या मागे दोन दोर असतात, काठी सुटली की ड्रायव्हर उतरतो, हातमोजे घालतो, दोर ओढून काठी खाली घेतो आणि परत तारेवर नेमकी बसवतो. भाचीने प्रदर्शनात हे करून दाखवलं, मुद्दाम काठी सोडायची, बस थांबायची, आणि मग दोऱ्याने परत बसवायची. सगळ्यात जास्त गर्दी तिथेच.

करंट आणि फ्यूज

वजनकाट्यात असते ती ६ व्होल्टची बॅटरी घ्या, तासनतास चालते. चौकोनी ९ व्होल्टची नको, मोटरच्या ओढीला ती लगेच बसते. चार पेन्सिल सेल पण चालतात, पण दिवसभर नाही.

बॅटरीच्या प्लसवर, अगदी टोकाजवळ, फ्यूज. हे मी हात जोडून सांगतो. एका शाळेत एका गटाने घरच्या ट्रॅक्टरची बॅटरी आणली होती, फ्यूज नव्हता, वळणावर दोन काठ्या एकमेकींना भिडल्या आणि स्पोक लालबुंद झाला, शेजारची थर्माकोलची इमारत वितळली. पोराचा हात दोरावर होता, काठीवर नव्हता, म्हणून भागलं. फ्यूज असता तर नुसता टिक आवाज आला असता. ट्रॅक्टरची बॅटरी आणायचीच नाही.

एक तार प्लस, एक मायनस. बसमध्ये प्रत्येक काठीवरून बारीक लवचिक वायर मोटरला, मध्ये एक स्विच. बस उलटी पळाली तर मोटरच्या दोन वायरी अदलाबदल करा.

पहिल्यांदा चालवताना मॉडेलला हात लावू नका, बघत राहा. आमची पहिल्या दिवशी पाव चक्कर जायची आणि थांबायची, रात्री अकरा वाजेपर्यंत आम्ही एकेक खांब वाकवत होतो. शेवटी पूर्ण चक्कर झाली तेव्हा भाची अंगणातून ओरडली, "मामा, गाडी चालनी!" आणि आजीसकट सगळं घर बाहेर.

दर चक्करला एकाच ठिकाणी थांबते म्हणजे तिथे तार मळलेली आहे किंवा एनॅमल राहिलंय. वेगवेगळ्या ठिकाणी थांबते म्हणजे काठीची स्प्रिंग कमजोर. वळणात शिरतानाच थांबते म्हणजे तार चिरीच्या बरोबर वर नाही, सरकलेली आहे. मोटर गुणगुणते पण चाक फिरत नाही म्हणजे चिरीत कचरा.

परीक्षक काय विचारतात

ही गाडी पहिली कुठे धावली? बर्लिनजवळ हालेनझेला, २९ एप्रिल १८८२, वेर्नर फॉन सीमेन्सने चालवून दाखवली, ५४० मीटरचा रस्ता होता. तिला काठ्या नव्हत्या, तारांवरून एक छोटी चाकांची गाडी पळायची आणि केबलने मागे ओढली जायची.

काठमांडूची बंद का पडली? पोरांनी हे खरं सांगावं. गाडीचं तंत्र चुकलं नव्हतं, कारभार ढासळला. देखभाल झाली नाही, वीजबिल थकलं, २००१ मध्ये बंद, २००३ मध्ये कोटेश्वरपर्यंतच परत सुरू, आणि २००८ मध्ये कायमची बंद. माझ्या दुकानात दर उन्हाळ्यात अशा मोटरी येतात ज्यांना नुसतं बेअरिंगला वेळेवर ग्रीस मिळालं असतं तर भरायची वेळ आली नसती, मला त्या लाइनचं तसंच वाईट वाटतं.

आता बॅटरीच्या बस आल्या, मग तारा कशाला? हा प्रश्न चांगला आहे आणि याचं उत्तर प्रागमध्ये आहे. चेक देशाच्या या राजधानीने १९७२ ला ट्रॉलीबस बंद केली होती, २०१७ पासून परत आणली, आणि २०२४ पासून विमानतळाच्या ५९ नंबर मार्गावर दोन सांध्यांची, म्हणजे तीन भाग जोडलेली, चोवीस मीटरहून लांब ट्रॉलीबस धावते. तिथे पूर्ण रस्त्यावर तारा नाहीत. तारांखाली असताना बस चालता चालता बॅटरी भरून घेते, तारा संपल्या की काठ्या खाली करून बॅटरीवर जाते. म्हणजे बॅटरी लहान पुरते, आणि चार्जिंगसाठी तासनतास उभं राहावं लागत नाही. उलट पण झालंय, मॉस्कोत एकेकाळी जगातलं सगळ्यात मोठं जाळं होतं, ते २०२० मध्ये गुंडाळलं, आठवण म्हणून एक मार्ग ठेवला. दोन्ही सांगा.

हे करून पण दाखवता येतं. बसमध्ये चार पेन्सिल सेल आणि दोनतर्फी स्विच बसवा, एका बाजूला काठ्या, दुसऱ्या बाजूला सेल, आणि एका सरळ भागातली दोन फूट तार काढूनच टाका. बस तिथे आली की पोराने स्विच पाडायचा आणि दोऱ्याने काठ्या खाली ओढायच्या, पलीकडे गेली की परत चढवायच्या. सेल तारेवरून चार्ज होत नाहीत हे सांगून टाकायचं, आणि साधे सेल चार्ज करायला जायचं पण नाही. सरावाला आठवडा लागतो.

थांब्यांच्या पाट्या लावा, त्रिपुरेश्वर, माइतीघर, बानेश्वर, कोटेश्वर, ठिमी, सूर्यविनायक. प्रदर्शनाला मॉडेल छोटा हत्तीत न्या, काठ्या दोऱ्याने खाली बांधून, आणि वर काही ठेवू देऊ नका. पोहोचल्यावर स्पिरिटच्या बोळ्याने दोन्ही तारा खालून पुसा, एका रात्रीत सुद्धा तांब्यावर काळपटपणा येतो. परीक्षक यायच्या अर्धा तास आधी परत पुसा, आणि खिशात दोन फ्यूज जास्तीचे ठेवा.